धक्का सोसणारी पट्टी

इतिहास म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे किल्ले उभे राहतात, बखरींची पाने उलगडतात, तहनाम्यांवरचे लाखेचे शिक्के दिसू लागतात. मोटारीच्या पाठीमागे बसवलेल्या एका पोलादी पट्टीलाही इतिहास असतो, असे मला कोणी पूर्वी सांगितले असते तर मी हसलो असतो. मी शाळेत चित्रकला शिकवणारा मास्तर. शिक्षण मॅट्रिकपुरते; फावल्या वेळात कादंबऱ्या लिहितो. यंत्रांशी माझा संबंध सायकलीची उतरलेली साखळी चढवण्यापलीकडे कधी गेला नाही. परंतु गेल्या उन्हाळ्यात यवतमाळात, मामांच्या अंगणात, एका जुन्या मोटारीचा मागचा बंपर काढण्याचा प्रसंग मजवर आला. आणि त्या निमित्ताने जे वाचले, पाहिले आणि शेवटी बोलावे लागले, ते सांगण्यासाठी हा लेख.

मामा गेले आणि टिनाच्या छपराखाली उभी असलेली त्यांची गाडी तेवढी मागे राहिली. तिची नोंदणी केव्हाच संपली होती. पंधरा वर्षांपुढच्या खाजगी मोटारीच्या नोंदणीचे नूतनीकरण पूर्वी ६०० रुपयांत होई. १ एप्रिल २०२२ पासून त्याला ५,००० रुपये पडू लागले. जी गाडी दहा पावले चालत नाही तिच्यासाठी एवढे पैसे कोण भरणार? भंगारवाल्याशी बोलणे झाले. मामी काही बोलल्या नाहीत. फक्त म्हणाल्या, "मागचा बंपर तेवढा काढून ठेव बाबू. दर दसऱ्याला ते स्वतःच्या हातानं पुसत होते. झेंडूचा हार त्यालेच बांधत."

बंपर हा शब्द आपल्याकडे मोटारीपेक्षा शेतात आणि लॉटरीत अधिक ऐकू येतो. आमच्या कापसाच्या मुलखात पाऊस नीट झाला की वर्तमानपत्रे 'बंपर पीक' छापतात, आणि त्याच वर्षी भाव पडतो. महाराष्ट्र राज्य लॉटरी १९६९ साली सुरू झाली, तिनेही 'दिवाळी बंपर' घरोघरी पोहोचवला. हा बंपर इंग्रजीतल्या काठोकाठ भरलेल्या प्याल्यावरून आला, असे सांगतात. मोटारीचा बंपर निराळा. तो आदळण्याच्या क्रियेवरून पडलेला. एकाच शब्दाच्या एका टोकाला भरभराट आणि दुसऱ्या टोकाला धक्का, ही गंमत विदर्भातल्या शेतकऱ्याला समजावून सांगण्याची गरज नाही.

धक्का झेलणाऱ्या वस्तूशी यवतमाळची पहिली ओळख मोटारीने करून दिलेली नाही. ती आगगाडीने करून दिली. किलिक-निक्सन या विलायती पेढीने कापूस वाहून नेण्यासाठी यवतमाळ-मूर्तिजापूर हा अडीच फुटी रूळमार्ग उभा केला. तीच आमची शकुंतला. मँचेस्टरला १९२१ साली बनलेले तिचे वाफेचे इंजिन १९२३ पासून १९९४ पर्यंत धावत होते. पुढे डिझेलचे इंजिन आले, आणि आता तर त्या रुळांवर गाडीच नाही. मोठ्या मार्गावरच्या जुन्या डब्यांना दोन्ही कडांना दोन बफर असत. या धाकट्या गाडीला मधोमध एकच. डबा डब्यावर आला की तो बफर आधी धक्का घेई आणि मग डबे हलत. बैलगाडीला असे काही लागत नव्हते, कारण तिच्यात धक्का सोसण्याचे काम बैलांच्या खांद्यांकडे होते.

मोटारीने ही कल्पना आगगाडीकडूनच उचलली असावी असे वाटते. पहिल्या मोटारी हळू चालत. त्यांना बंपर बहुधा नसेच. इंग्लंडातील फ्रेडरिक सिम्स यांनी १९०५ च्या सुमारास रबरी बंपर मोटारीला बसवून दाखवला. पुढे रबर मागे पडले आणि पोलादाची पट्टी आली. १९२० नंतरच्या दशकात क्रोमियमचा मुलामा देण्याची कला कारखान्यांत रुळली, तेव्हा या पट्टीचे रूपच पालटले. पोलादावर निकेलचा थर, त्यावर क्रोमियमचा अगदी पातळ पापुद्रा. गंजापासून राखण्याचे काम मुख्यतः निकेल करते, आणि आरशासारखी चमक मात्र क्रोमियमच्या नावावर जमा होते. संसारातही असे पुष्कळदा घडते.

मुंबईत फोर्डची कंपनी १९२६ साली आली आणि जनरल मोटर्सने १९२८ साली शिवडीला जुळणीचा कारखाना काढला. सुटे भाग पेट्यांतून बोटीने यायचे आणि इथे जोडले जायचे. पुढे १९४२ साली बिर्लांची हिंदुस्थान मोटर्स आणि १९४४ साली सोलापूरच्या वालचंद हिराचंदांची प्रीमियर ऑटोमोबाइल्स निघाली. सरकारने १९५३ साली धोरण ठरवले, की ज्यांना भाग इथेच घडवायचे असतील त्यांनीच राहावे. नुसती जुळणी करणाऱ्या परदेशी कंपन्यांनी गाशा गुंडाळला. मग उत्तरपाड्याची अँबॅसडर आणि कुर्ल्याची फियाट या दोघींनी तीस वर्षे देशाचे रस्ते वाटून घेतले. पुसदच्या बाजूला मंत्र्यांची अँबॅसडर आली की पोरे मागे धावत आणि बंपरात आपली वेडीवाकडी तोंडे पाहून घेत. गाडीसाठी वर्षानुवर्षे नंबर लावून बसावे लागे. जी वस्तू मिळण्यास इतकी वर्षे लागतात तिच्यावर ओरखडा उठू न देणे हे घराण्याचे व्रत होऊन बसते. बंपर हा त्या व्रताचा शिपाई होता.

आता अंगणात येतो.

माझ्या मदतीला आला तो माझा वर्गमित्र. त्याचे वडील मामांच्या शेतावर सालगडी होते. गुढीपाडव्याला साल ठरे आणि पुढच्या पाडव्याला सुटे. आज त्याचे स्वतःचे गॅरेज आहे. उजवा पाय थोडा आखूड असल्यामुळे तो चालताना एका बाजूला झुकतो. त्याने आल्याबरोबर चाकांपुढे विटा लावल्या, बॅटरीची तार सोडवली, कारण नंबरपाटीवरच्या दिव्याची तार बंपराजवळून जाते. मग गाडीखाली सरकून त्याने नटांवर तेल सोडले आणि म्हणाला, "आज हात नाई लावाचा. रातभर भिजू दे."

दुसऱ्या दिवशी सकाळी उन्हे चढण्यापूर्वी आम्ही बसलो. बंपर नुसता दिसतो तसा एक तुकडा नसतो. त्याच्या पाठीशी दोन जाड पोलादी हात असतात, ते सांगाड्याला बोल्टांनी आवळलेले. पट्टी त्या हातांना जोडलेली. आणि पट्टीवर उभे दोन खुंट, दुसऱ्या गाडीचा बंपर वर चढू नये म्हणून. बाहेरून मामांनी पस्तीस-चाळीस वर्षे पुसलेली चमक होती. आतल्या अंगाला, जिथे मुलामा नीट पोहोचलेला नसतो आणि चिखल साचतो, तिथे गंजाची पोपडी सुटली होती. मी घाईने पाना फिरवला.

"अबे, हळू!" तो ओरडला. "नट गोल होऊन राह्यला. पाना पुरा बसव, मंग जोर लाव. आधी जरा आवळाच्या अंगानं, मंग सोडाच्या."

तीन बोल्ट निघाले. चौथा हलेना. त्यावर छन्नी धरून हातोडीचे घाव घालावे लागले. एका बाजूचा शेवटचा बोल्ट त्याने मुद्दाम अर्धाच सोडवून ठेवला, कारण सगळे एकदम काढले की पट्टी पायावर येते. "तू तिकून धर," तो म्हणाला, "मी इकून धरतो." बंपर आमच्या दोघांच्या हातांत आला तेव्हा त्याचे वजन मला पहिल्यांदा कळले.

त्याने पट्टीच्या डाव्या टोकावरून तळहात फिरवला. वळणापर्यंत गेला, परत आला. मग म्हणाला, "पाह्य, याले काहीच झालं नाई."

मला तेच वाक्य आठवत होते.

आम्ही दहा वर्षांचे होतो. शेतावरच्या घराच्या अंगणात मामा गाडी मागे घेत होते. तो गाडीच्या मागे वाकून गोटी शोधत होता. बंपराचे टोक त्याच्या पायाला लागले आणि पाय गाडी आणि ओट्याच्या मध्ये सापडला. माणसे धावली. कोणीतरी त्याला उचलले, आणि त्याच गर्दीतून दुसऱ्या कोणीतरी विचारले, "गाडीला काही झालं नाही ना?" दोन-तीन जण बंपर पाहायला वाकलेही. मामांनी दवाखान्याचा सारा खर्च केला, त्याच्या वडिलांचे साल कापले नाही, याबद्दल गावात त्यांचे नाव झाले. पाय जुळला, पण आखूड जुळला.

पुढे मी या विषयावर वाचू लागलो तेव्हा दिसले, की साऱ्या जगाने पुष्कळ काळ हाच प्रश्न विचारला होता. राल्फ नेडर यांनी १९६५ साली अमेरिकेतील मोटार-कारखानदारांवर पुस्तक लिहिले. गाडीबाहेरची टोके आणि शोभेची पाती पायी चालणाऱ्याला कशी इजा करतात, हे त्यांनी त्यात मांडले. पुढच्याच वर्षी तिथे वाहनसुरक्षेचा कायदा झाला. पण बंपराबद्दलचा तिथला मोठा नियम १९७३ च्या गाड्यांना लागू झाला, तो असा, की ताशी ५ मैलांच्या धडकेत गाडीचे दिवे आणि टाकी शाबूत राहिली पाहिजेत. बंपर अवजड झाले. १९८२ साली ही अट निम्म्यावर आली. या साऱ्या हिशेबात धक्का बसणारी वस्तू गाडीच होती. ज्याला गाडीच नाही त्याचा पाय त्या हिशेबात नव्हता.

दरम्यान फ्रान्समध्ये रेनॉने १९७२ साली आपल्या लहान गाडीला प्लास्टिकचे बंपर लावले. आजच्या गाडीचा बंपर म्हणजे बाहेर प्लास्टिकचे पातळ कवच, आत बहुधा फेसासारखा मऊ थर, त्यामागे कडी. कवच चेपते, तडकते, आणि चेपताना धक्क्याचा काही भाग स्वतःत जिरवते. जुनी माणसे म्हणतात, आताच्या गाड्या कागदाच्या. खरे आहे, परंतु कागदाचा पहिला फायदा बाहेरच्या माणसाला होतो. आपल्याकडे पायी चालणाऱ्याच्या पायाला आणि डोक्याला किती मार बसतो हे मोजण्याचा नियम १ ऑक्टोबर २०१८ पासून नव्या मॉडेलांना लागू झाला. त्याच्या आदल्या वर्षी, डिसेंबर २०१७ मध्ये, केंद्राने राज्यांना कळवले, की गाड्यांना बाहेरून लावलेले लोखंडी गार्ड १९८८ च्या मोटार वाहन कायद्याच्या ५२ व्या कलमाविरुद्ध आहेत. तरीही पांढरकवड्याच्या हमरस्त्यावर पाच मिनिटे उभे राहा, लोखंडाची शिंगे लावलेल्या गाड्या आजही मोजता येतील. कायद्याने कवच मऊ केले. त्यावर पुन्हा लोखंड चढवणारा हात मात्र आपलाच आहे.

आता जे राहिले ते सांगून टाकतो. त्या दिवशी मामांना मागचे दिसत नव्हते. गाडीच्या कडेला उभे राहून "येऊ द्या, येऊ द्या" म्हणणारा मी होतो. हात हलवून मोठ्या माणसाची मोटार आपण चालवतो आहोत, या आनंदात मी मामांच्या तोंडाकडे पाहत होतो. गाडीमागे पाहतच नव्हतो. दोष मामांच्या नावावर गेला. मामांनीही तो कधी माझ्याकडे वळवला नाही. त्यानंतर त्यांनी गाडी क्वचितच काढली. पुसत मात्र राहिले.

बंपर आम्ही दोघांनी उचलून ओसरीत नेला. भिंतीला टेकवल्यावर मी त्याला हे सगळे सांगितले. तो बनियनीला हात पुसत राहिला.

"मले ऐकू आलं होतं तवा," तो म्हणाला. "म्हणून तर मी उठलो नाई. मले वाटलं, तू पाहून राह्यला."

याच्यावर बोलण्यासारखे मजजवळ काही नव्हते. मामींनी आतून चहा आणला. त्याने तो घेतला, पाने मोजून पिशवीत भरले, आणि मजुरी मात्र पुरेपूर मागून घेतली. मी ती दिली. घासाघीस झाली नाही.

यंदाच्या दसऱ्याला मामींनी ओसरीतल्या त्या बंपराला झेंडूचा हार घातला. संध्याकाळी तो सोने द्यायला आला. मामींच्या पाया पडला, मला आपट्याची पाने दिली, आणि जाताना बंपराचे टोक रस्त्यात येते म्हणून तो पायानेच थोडा आत सरकवून गेला.

आमच्या शाळेच्या पटांगणात मुलांना आणणाऱ्या गाड्या येतात. एखादी मागे वळू लागली की ड्रायव्हर माझ्याकडे पाहून विचारतो, "येऊ देऊ का गुरुजी?" मी आधी मागे जातो, खाली वाकतो, चाकांच्या पलीकडचेही पाहून घेतो. मग हात वर करतो.