पलतडीला गेलेले गाणे : 'बॉबी'च्या आधीची ७८ वर्षे

१/
'बॉबी' (१९७३) या चित्रपटातले 'ना चाहूं सोना चांदी' हे गाणे ठाऊक नाही असा मराठी माणूस विरळा. त्या गाण्यातला 'घे घे' हा ठेका मात्र हिंदीचा नाही. हिंदी माणूस 'ले' म्हणेल. 'घे' म्हणतो तो मराठी किंवा कोकणी माणूस. मग हिंदी गाण्याच्या ऐन मध्यावर हा शब्द आला कुठून? हा एक शब्द धरून मागे चालत गेलो, तर आपण गोव्यातल्या एका नदीच्या काठावर आणि १८९५ या सालापाशी पोहोचतो. आजचा थ्रेड त्या प्रवासाविषयी. 🧵

२/
मूळ गीताचे नाव 'हांव सायबा पलतडी वयतां'. भाषा कोकणी. प्रसंग अगदी साधा. एक कलावंतीण नदीकाठी उभी आहे. पलीकडच्या तीरावर दामूचे लग्न आहे, मांडव सजला आहे, आणि तिला तिथे पोहोचायचे आहे. वाट तिला ठाऊक नाही. ती तारीला, म्हणजे नावाड्याला, पलतडीला नेण्याची विनवणी करते आणि मोबदला म्हणून अंगावरचे दागिने देऊ करते. 'घे' हा शब्द तिचा आहे. प्रेमाच्या आर्जवात तो पुढे गेला, पण उच्चारला गेला होता उतारूच्या भाड्यासाठी.

३/
सिंधुदुर्गातल्या वाचकांना हा प्रसंग समजावून सांगण्याची गरज नाही. आपला किनारा गड, कर्ली आणि तेरेखोल या नद्यांनी व त्यांच्या खाड्यांनी जागोजागी कापलेला आहे. पूल होण्यापूर्वी बाजार, देऊळ, माहेर आणि लग्न या साऱ्यांची वाट होडीतूनच जात असे. त्यातही तेरेखोलचे पाणी निराळे. १९ डिसेंबर १९६१ पर्यंत ते पोर्तुगीज सत्तेची सीमा होते. माणसांची नाती, देवदेवस्की आणि बोली मात्र दोन्ही काठांवर पसरलेली होती. मालवणी जाणणाऱ्या माणसाला हे कोकणी गीत अनुवादाविना कळते, याचे कारण हेच.

४/
या गीतप्रकाराला 'देखणी' म्हणतात. एकोणिसाव्या शतकात गोव्यातल्या ख्रिस्ती समाजात मांडो, दुलपद आणि देखणी हे प्रकार बहरले. मांडो हे भाटकारांच्या दिवाणखान्यातले संथ, विरहाचे गाणे. देखणी नाचाची. तिच्या सुरावटीला भारतीय वळण, तालाला पाश्चात्त्य चाल आणि साथीला मातीच्या घटावर चामडे ताणून केलेले घुमट. देखणीत ख्रिस्ती मुली साडी नेसून, पायांत घुंगरू बांधून हिंदू कलावंतिणीची भूमिका करीत. एका समाजाने दुसऱ्या समाजाकडे पाहण्याची ही एक पद्धत होती. त्या पाहण्यात कौतुक होते आणि अंतरही होते.

५/
या देखणीचे श्रेय कार्लुस एउजेनियु फेरैरा यांना दिले जाते. ती १८९५ मध्ये पॅरिस येथे छापली गेली आणि १९२६ मध्ये गोव्यातल्या बस्तोडा येथील रांजेल छापखान्यातून पुन्हा प्रसिद्ध झाली. गोव्यातले गाणे पॅरिसला कसे छापले जाते? उत्तर चर्चच्या शाळांत आहे. गोव्याच्या गावोगावी चर्चला जोडलेल्या शाळांत मुलांना व्हायोलिन आणि पाश्चात्त्य स्वरलेखन शिकवले जाई. त्यामुळे गोवेकर संगीतकार आपली चाल कागदावर अचूक उतरवू शकत होता. कागदावर उतरलेली चाल जगातल्या कोणत्याही शहरात छापता येते आणि कोणत्याही पियानोवर वाजवता येते.

६/
आज एखादा तरुण कलावंत एकच गाणे स्वतंत्रपणे प्रसिद्ध करतो, त्याला आपण 'सिंगल' म्हणतो. छापील स्वरलिपी हा त्या काळचा सिंगल होता असे म्हणायला हरकत नाही. भारतात ग्रामोफोनसाठी ध्वनिमुद्रण सुरू झाले ते १९०२ मध्ये. म्हणजे ही देखणी छापली गेली तेव्हा आपल्याकडे तबकडीचा व्यवहार सुरूही झालेला नव्हता. छापील कागदाचा एक मोठा गुण असा, की गाण्याबरोबर कर्त्याचे नावही प्रवास करते. निदान कागद सोबत असेतोवर.

७/
पण इथेच पहिला प्रश्न उभा राहतो. गीतातली 'मी' कोण? बोलते ती हिंदू कलावंतीण. लिहिणारा आणि छापणारा ख्रिस्ती पुरुष. म्हणजे चित्रपट येण्याच्या कितीतरी आधी, १८९५ मध्येच, या गाण्यात एक उसनवारी घडलेली आहे. नदी ओलांडू पाहणारी बाई गाण्यात आली, तिचे बोलणे आले, दागिने आले, पायांतले घुंगरू आले. ती स्वतः मात्र कागदावर कर्ती म्हणून आली नाही. फेरैरा यांना दोष देण्यासाठी हे लिहीत नाही. गाणे ज्या सामाजिक उतरंडीत जन्मले ती उतरंड नीट दिसावी, एवढाच हेतू आहे.

८/
कलावंत, भावीण, देवळी हे देवळाच्या सेवेशी बांधलेले समूह गोव्यात होते, तसेच आजच्या सिंधुदुर्गातही होते. देवाशी विधिपूर्वक जोडलेल्या या स्त्रियांना सर्वसाधारण विवाह नाकारलेला असे. दुसऱ्यांच्या लग्नात मात्र त्यांच्या नाचगाण्यावाचून मांडवाला शोभा नसे. हे ध्यानात घेऊन मूळ गीत पुन्हा ऐका. जिला स्वतःचा मांडव नाही, ती परक्याच्या मांडवात पोहोचण्यासाठी अंगावरचे सोने उतरवून देते आहे. ठेका उड्या मारणारा आहे, पण आशय तसा नाही.

९/
या समाजाने पुढे स्वतःचा इतिहास स्वतः बदलला. मुंबई इलाख्यात १९३४ मध्ये देवदासी प्रथेविरुद्ध कायदा झाला. समाजातल्या सुधारकांनी शिक्षण आणि विवाह यांचा आग्रह धरला. केसरबाई केरकर आणि मोगूबाई कुर्डीकर यांनी हिंदुस्थानी संगीतात जे स्थान मिळवले ते सर्वांना ठाऊक आहे. १९७७ मध्ये 'व्हॉयेजर' यानांसोबत पाठवलेल्या सोनेरी तबकडीवर केसरबाईंची भैरवी आहे, आणि ती त्यांच्या नावानिशी आहे. एका बाजूला देखणीतली निनावी कलावंतीण, दुसऱ्या बाजूला अंतराळात नाव घेऊन गेलेली गायिका. या दोन टोकांमध्ये एका समाजाचे अख्खे शतक मावले आहे.

१०/
आता चित्रपटाकडे. गोवा मुक्त झाल्यानंतर दोनच वर्षांनी, १९६३ मध्ये, 'आमचें नशीब' हा कोकणी चित्रपट आला. निर्मिती फ्रँक फर्नांड यांची. मुंबईच्या हिंदी चित्रपटसृष्टीत काम केलेले हे गोवेकर संगीतकार. या चित्रपटात 'हांव सायबा' पडद्यावर आले आणि दिवाणखान्यातली, रंगमंचावरची देखणी चित्रपटगृहातल्या प्रेक्षकांपर्यंत गेली. काळही लक्षात घ्या. गोव्याने महाराष्ट्रात विलीन व्हावे की नाही, यावर १६ जानेवारी १९६७ रोजी जनमत कौल झाला. कोकणी ही स्वतंत्र भाषा की मराठीची बोली, हा वाद घरोघरी होता. अशा दिवसांत पडद्यावर कोकणी गाणे ऐकू येणे ही केवळ करमणूक नव्हती.

११/
त्यानंतर दहा वर्षांनी 'बॉबी'. 'मेरा नाम जोकर' (१९७०) अपयशी ठरल्यावर राज कपूर यांनी तरुण प्रेमकथा निवडली. नायिका बॉबी ब्रगांझा, वडील गोवेकर ख्रिस्ती कोळी. संगीत लक्ष्मीकांत–प्यारेलाल यांचे. गोव्याचे वातावरण उभे करण्यासाठी गोव्याचीच चाल घेणे स्वाभाविक होते, आणि तिला मुंबईत यायला परकी वाटही शोधावी लागली नाही. प्यारेलाल यांचे व्हायोलिनचे गुरू अँथनी गोन्साल्विस हे माजोर्ड्याचे. हिंदी चित्रपटांच्या वाद्यवृंदांत गोवेकर वादक आणि संयोजक पहिल्यापासून होते. गाण्याच्या आधी गाण्याचे वादक पलतडीला पोहोचले होते.

१२/
हिंदी शब्द विठ्ठलभाई पटेल यांचे, आवाज मन्ना डे आणि शैलेंद्र सिंग यांचे. इथे एक विलक्षण उलटापालट झाली. मूळ गीतात स्त्री सोने देऊ करते, कारण तिला नदी ओलांडायची आहे आणि ओलांडण्याला किंमत पडते. हिंदी गीतात सोनेनाणे नको असे सांगितले जाते. प्रेमात सौदा नसतो, हा त्याचा आशय. म्हणजे जे गीत मुळात सौद्याचे होते, ते सौदा नाकारणारे झाले. कलावंतीण गेली, नदी गेली, दामूचे लग्नही गेले. उरली ती चाल, आणि 'घे'. आता हा शब्द काय घ्यायला सांगतो, हे ऐकणाऱ्या बहुसंख्य भारताला कळत नव्हते. पण गुणगुणत सगळेच होते.

१३/
याला चोरी म्हणावे काय? मला हा शब्द घाईचा वाटतो. गाणी ओलांडतात म्हणूनच जगतात. 'बॉबी' नसता, तर या चालीला गोव्याबाहेर इतके श्रोते क्वचितच लाभले असते. पण किंमत मोजली गेली, हेही तितकेच खरे. चित्रपटाच्या प्रसिद्धीने चाल मोठी झाली आणि तिच्यामागचे नाव पुसट झाले. आज कित्येकदा ती 'गोव्याचे लोकगीत' एवढ्याच ओळखीने वावरते. 'लोकगीत' हा शब्द आदराचा आहे. मात्र कर्ता असलेल्या गाण्याला तो चिकटला, की सर्वांचे म्हणता म्हणता ते कोणाचेच राहत नाही.

१४/
तुलनेसाठी दुसरे उदाहरण. १९६० व ७० च्या दशकांत क्रिस पेरी यांनी रचलेली आणि लोर्ना यांनी गायिलेली कोकणी पॉप गाणी तबकड्यांवर आली. 'बेबदो', 'पिसो', 'नाचुंया कुंपासार'. ती चित्रपटांसाठी नव्हती. ती ऐकली गेली तबकडीवर आणि रेडिओवर. २०१४ मध्ये बारद्रॉय बार्रेटो यांनी त्याच गाण्यांवर 'नाचुंया कुंपासार' हा चित्रपट उभारला. ६२ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत तो सर्वोत्कृष्ट कोकणी चित्रपट ठरला आणि अभिनेत्री पालोमी घोष यांचा विशेष उल्लेख झाला. त्या गाण्यांना नवी पिढी मिळाली. इथे चित्रपटाने गाणे उचलून आपल्या कथेत बसवले नाही. गाण्यांच्या कर्त्यांनाच कथेचा विषय केले.

१५/
दोन्ही वेळा घटना एकच : चित्रपटामुळे स्वतंत्र गाण्याकडे लोकांचे लक्ष गेले. फरक पडला तो वाटेत काय टिकले यामुळे. क्रिस पेरी आणि लोर्ना यांची नावे तबकडीवर होती, लोकांच्या आठवणीत होती, आणि लोर्ना तर चित्रपट आला तेव्हा हयात होत्या. फेरैरा यांचे नाव जुन्या छापील कागदावर उरले होते. आणि कलावंतिणीचे नाव कोणत्याही कागदावर कधी आलेच नव्हते. स्मृतीची साधने ज्याच्या हाती, त्याचे नाव टिकते; इतिहासाच्या विद्यार्थ्याने गाण्यातून शिकावा असा हा धडा आहे.

१६/
म्हणून कोणतेही जुने गाणे साधन म्हणून वाचताना तीन प्रश्न विचारावेत. गाण्यात बोलते कोण? लिहून किंवा छापून ठेवले कोणी? आणि प्रसिद्धी मिळाली तेव्हा नाव कोणाचे लागले? तिन्ही उत्तरे एकच असतील तर उत्तम. ती निराळी असतील, तर त्या फटींमध्येच समाजाचा इतिहास दडलेला असतो. 'हांव सायबा'च्या बाबतीत ही उत्तरे तीन निरनिराळी आहेत.

१७/
शेवटी एक विनंती, विशेषतः मालवण, वेंगुर्ले, सावंतवाडी आणि पेडणे भागातल्या मित्रांना. घरातल्या आजीला, एखाद्या जुन्या दशावतारी कलाकाराला, खाडीत होडी घालणाऱ्या काकांना येणारी गाणी मोबाइलवर ध्वनिमुद्रित करा. सोबत गाणाऱ्याचे नाव, गाव, तारीख आणि 'हे तुम्ही कोणाकडून शिकलात?' या प्रश्नाचे उत्तर, गाणाऱ्याच्या संमतीने, अवश्य नोंदवा. उद्या त्यातले एखादे गाणे पडद्यावर जाईल, देशभर वाजेल. तेव्हा त्याच्यासोबत होडीत कर्त्याचे नावही बसलेले असावे.

(थ्रेड समाप्त)