नांव आणि आवाज

गाणें एकाचें, चाल दुसऱ्याची आणि कीर्ति तिसऱ्याची, हा प्रकार संगीताच्या इतिहासांत कांहीं नवा नाहीं. नवा आहे तो त्याचा वेग. पूर्वी एखादी चाल काशीहून पुण्यास येण्यास पिढी लागे. आतां मुंबईंत कोरलेला स्वर अमेरिकेंत जाऊन, वेष पालटून, पुनः आमच्याच ओसरीवर येऊन उभा राहतो.

अशा एका स्वराची आमची गांठ २००२ सालीं नागपुरांतील आमच्या राहत्या घरीं पडली. शेजारच्या तरुण मंडळींनीं लावलेलें एक अमेरिकन गाणें भिंतीपलीकडून ऐकूं येत होतें. जड ठोक्यावर एक बाई इंग्रजींत गात होती आणि तिच्या पाठीमागें एक हिंदी ओळ पुनःपुन्हां फिरून येत होती. आमच्या मातोश्री भाजी निवडीत बसल्या होत्या. इंग्रजीशीं त्यांचा कधीं संबंध आला नाहीं, पण हातांतील कामावरून मान वर करून त्या म्हणाल्या, "अरे, ही तर लता!" शेजारच्या मुलानें तबकडीचें वेष्टन आणून दाखविलें. त्यावर गाणारीचें नांव होतें, मध्यें बोलणाऱ्याचें होतें. लताबाईंचें नांव कोठेंच नव्हतें. जो आवाज ओळखण्यास मातोश्रींस क्षणही लागला नाहीं, तो त्या वेष्टनाच्या गांवीं नव्हता. तेव्हांपासून या विषयानें आमचें मन घेतलें आहे. त्यांतील कांहीं हकीकती वाचकांपुढें ठेवतों.

प्रथम या कलेचें मूळ. न्यूयॉर्क शहराच्या ब्राँक्स भागांत १९७३ सालीं कूल हर्क या तरुणानें दोन फिरत्या तबकड्यांवर एकाच गाण्यांतील ढोलाचा तुकडा आलटून पालटून वाजवून तो लांबविला, आणि नाचणारे त्यावर लुब्ध झाले. याच हातोटीतून हिप-हॉप जन्मास आलें. तयार गाण्याचा तुकडा कापावा, त्याची माळ ओंवावी आणि तीवर नवें कवन म्हणावें, ही त्याची रीत. गरीब वस्तींतील ज्या मुलांस वाद्यें विकत घेणें शक्य नव्हतें, त्यांनीं जुन्या तबकडीसच वाद्य केलें. या कल्पकतेस आम्ही कधींही नांवें ठेवणार नाहीं.

आतां १९९८ ची हकीकत. इंग्लंडांत वाढलेल्या पंजाबी कुळांतील त्जिंदर सिंग यांनीं आपल्या 'कॉर्नरशॉप' नामक वृंदासाठीं आशा भोसले यांच्या गौरवार्थ 'ब्रिमफुल ऑफ आशा' हें गीत रचलें. शीर्षकांत श्लेष आहे: आशेनें काठोकाठ भरलेलें. ४५ फेऱ्यांच्या लहान तबकड्यांवर हिंदी चित्रपटांचीं गाणीं ऐकणाऱ्या परदेशस्थ घरांचें तें स्मरणगीत होय. १९९७ सालीं तें प्रसिद्ध झालें तेव्हां ब्रिटनच्या विक्रीच्या क्रमवारींत ६० व्या स्थानावर थांबलें. जॉन पील या जाणत्या निवेदकाच्या श्रोत्यांनीं त्यास त्या वर्षींच्या गाण्यांत पहिला मान दिला, तरी बाजार हलला नाहीं. मग 'फॅटबॉय स्लिम' या नांवानें गाजलेल्या नॉर्मन कुक यानें हिप-हॉपवाल्यांच्याच युक्तीनें त्याचें पुनर्मिश्रण केलें: गति वाढविली, स्वर चढविला, ठोका ठसठशीत केला. १९९८ च्या फेब्रुवारींत ही आवृत्ति निघाली आणि 'टायटॅनिक' चित्रपटांतील सेलीन डिऑन यांच्या गीतास खालीं सारून पहिल्या क्रमांकावर जाऊन बसली. आठवड्यानें मॅडोनानें तिला हलविलें, ही गोष्ट निराळी.

शब्द तेच, चाल तीच, गायक तोच. तरी एक ६० वा आणि दुसरा १ ला. यावरून पुनर्मिश्रण करणारा केवळ उचल्या असतो, असें म्हणतां येत नाहीं. त्यानें कांहीं तरी घातलें, म्हणूनच कांहीं तरी घडलें. परंतु आमच्या दृष्टीनें खरी मौज वेगळीच आहे. १९३३ सालीं सांगलीकडे जन्मलेल्या आणि १९४३ च्या 'माझा बाळ' या मराठी चित्रपटासाठीं प्रथम गायिलेल्या आशाबाईंचें नांव त्या आठवड्यांत सगळ्या ब्रिटनच्या तोंडीं होतें. पण त्या गीतांत त्यांचा एकही स्वर नव्हता. नांव होतें, आवाज नव्हता.

चार वर्षांनीं याच्या नेमकें उलट घडलें. ट्रूथ हर्ट्स या गायिकेचें, मध्यें रकीम याची जोड असलेलें, 'अ‍ॅडिक्टिव्ह' हें गीत डीजे क्विक यानें सिद्ध केलें. भिंतीपलीकडून आम्हीं ऐकलें तें हेंच. त्याचा सगळा डोलारा 'ज्योति' (१९८१) या चित्रपटांतील 'थोडा रेशम लगता है' या गाण्याच्या तुकड्यावर उभा होता. गायिका लता मंगेशकर, संगीतकार बप्पी लाहिरी. अमेरिकेच्या मुख्य क्रमवारींत हें गीत ९ व्या स्थानापर्यंत चढलें. मूळ गाण्याचे हक्क सांगणाऱ्या सारेगामा कंपनीनें ५० कोटि डॉलरांहून अधिक भरपाई मागितली. लाहिरीही न्यायालयांत गेले. २००३ च्या फेब्रुवारींत लॉस एंजेलिस येथील न्यायालयानें हुकूम दिला कीं, लाहिरींचें नांव छापल्यावांचून ती तबकडी विकूं नये. म्हणजे नांवाचें मोल न्यायासनानें ओळखलें. परंतु पुढें लाहिरींचा स्वामित्वाचा दावा टिकला नाहीं. कारण चाल त्यांनीं मोबदला घेऊन निर्मात्यासाठीं बांधली होती आणि हक्क निर्मात्याकडे गेले होते. चाल रचणारा चालीचा धनी नव्हता. मग गाणारीची कथा काय सांगावी?

तिसरें उदाहरण २००५ चें. 'ब्लॅक आयड पीज' यांच्या 'डोन्ट फंक विथ माय हार्ट' या गीतांत आशाबाईंनीं गायिलेल्या दोन गाण्यांचे, 'अपराध' (१९७२) व 'डॉन' (१९७८) या चित्रपटांतील, तुकडे आहेत. हें गीत अमेरिकेंत व ब्रिटनमध्यें ३ ऱ्या स्थानावर गेलें आणि २००६ सालीं त्यास रॅप गायनाचें ग्रॅमी पारितोषिक मिळालें. मूळ संगीतकार कल्याणजी-आनंदजी यांचीं नांवें या वेळीं रचनाकारांच्या यादींत होतीं. २००२ च्या भांडणानें उद्योगास थोडें शहाणपण आलें असावें, असें आम्हांस वाटतें.

येथें कोणी म्हणेल, "अमेरिकनांस कां दोष द्यावा? आपल्या नाटकमंडळ्यांनीं दुसरें काय केलें?" आक्षेप खरा आहे, आणि त्यास बगल देणें प्रामाणिकपणाचें होणार नाहीं. अण्णासाहेब किर्लोस्कर यांनीं १८८० सालीं 'शाकुंतल' रंगभूमीवर आणलें तें प्रचलित चालींवर नवीं पदें बांधूनच. 'मानापमाना'साठीं (१९११) गोविंदराव टेंबे यांनीं पूरब ढंगाच्या ठुमरी-कजरीचा आधार घेतला; 'स्वयंवरा'साठीं (१९१६) भास्करबुवा बखले यांनीं रागदारीच्या बंदिशींचा. आमच्या आजोबांच्या पिढीस वेड लावणारें नाट्यसंगीत हेंही एका अर्थी पुनर्मिश्रणच होय. परंतु जुन्या नाटकांचीं पुस्तकें उघडून पाहावीं. पदाच्या माथ्यावर 'चाल' असा शब्द छापून, तें पद ज्यावर बेतलें त्या मूळ गाण्याचा निर्देश केलेला असे. ऋण घेतलें, पण खतावणींत नोंदून घेतलें.

तरी यांतही एक उणीव राहिली, ती सांगितलीच पाहिजे. त्या ओळींत मूळ गाण्याची खूण असे. तें ज्या बाईच्या कंठांतून गोविंदरावांसारख्यांनीं ऐकलें, तिचें नांव नसे. गाण्यास मान मिळाला, गाणारी मागें राहिली. आणि तबकडीचें युग आलें तेव्हांही हेंच झालें. 'महल' (१९४९) या चित्रपटांतील 'आयेगा आनेवाला' या गाण्याच्या तबकडीवर गायिकेचें नांव म्हणून 'कामिनी' छापलें होतें. ती कथेंतील नायिका! गाणारी होती लता मंगेशकर. ५३ वर्षांनीं अमेरिकन वेष्टनानें त्यांस निनांवी केलें, तें त्यांच्या वांट्यास पहिल्यानें आलें नव्हतें. आरंभ घरींच झाला होता.

कायद्यानेंही उशीरच केला. १९५७ च्या आमच्या कायद्यांत गायकास असा हक्क नव्हता. १९९४ च्या दुरुस्तीनें कलावंताचा हक्क प्रथम मान्य झाला. २०१२ च्या दुरुस्तीनें गीतकार-संगीतकारांचा मानधनांतील वांटा सुरक्षित झाला आणि आपल्या कलेशीं आपलें नांव जोडलें जावें, हा कलावंताचा नैतिक हक्क ठरला. 'महल'पासून मोजिलें तर ६३ वर्षें!

वडील मंडळी नव्या गाण्यांस सरसकट धांगडधिंगा म्हणतात, तें आम्हांस पटत नाहीं. चाल फिरली तरच जगते. कपाटांत बंद केलेली तबकडी नुसती धूळ खाते. शेजारच्या त्या मुलानें मातोश्रींच्या सांगण्यावरून पुढें 'ज्योति'मधील मूळ गाणें मिळवून ऐकलें, तें त्या अमेरिकन गाण्यामुळेंच. आमचें मागणें एवढेंच कीं, उसनें घेणाऱ्यानें देणाऱ्याचें नांव लिहावें. आणि 'चाल' या जुन्या शब्दाखालीं गाण्याबरोबर गाणाऱ्याचीही नोंद व्हावी.

लताबाई २०२२ च्या ६ फेब्रुवारीस गेल्या. मातोश्री त्यापूर्वींच गेल्या होत्या. तें वेष्टन मात्र शेजाऱ्यांनीं जपून ठेवलें आहे. त्यावर मुलानें त्याच दिवशीं निळ्या शाईनें एक नांव लिहिलें होतें. मातोश्रींनीं सांगितलें, तसें त्यानें लिहिलें. छापणाऱ्यांनीं जें केलें नाहीं, तें नागपूरच्या एका घरांत झालें.