एल्डन रिंगमध्ये टिकायचं कसं? चिलखत, ढाल आणि सोबत्यांचं गणित

स्क्रीन काळवंडते आणि लाल अक्षरं उमटतात: 'यू डाइड'. एल्डन रिंग खेळणाऱ्या जवळपास प्रत्येकाने हे शब्द पाहिलेले असतात, आणि तेही अनेकदा.

जपानच्या फ्रॉमसॉफ्टवेअर कंपनीने बनवलेला हा ॲक्शन रोल-प्लेइंग गेम २५ फेब्रुवारी २०२२ रोजी आला. दिग्दर्शन हिदेताका मियाझाकी यांचं. गेममधल्या जगाचा पूर्वेतिहास लिहिला 'गेम ऑफ थ्रोन्स'मुळे घराघरात पोहोचलेल्या जॉर्ज आर. आर. मार्टिन यांनी. 'द गेम अवॉर्ड्स'मध्ये २०२२ चा सर्वोत्तम गेम हाच ठरला. पण कौतुकासोबत एक शिक्काही बसला, 'भयंकर अवघड'. अनेक जण पहिल्याच मोठ्या बॉसशी हरून गेम कायमचा बंद करतात.

खरं तर बचावाची भरपूर साधनं गेमनेच हातात दिलेली आहेत. ती नेमकी काय करतात हे मात्र गेम नीट समजावून सांगत नाही.

मेल्यावर नेमकं काय जातं?

शत्रूला मारलं की 'रून' मिळतात. हेच इथलं चलन. वस्तू यानेच विकत घ्यायच्या आणि पात्राची लेव्हलही यानेच वाढवायची. मरण आलं की जवळचे सगळे रून तिथेच जमिनीवर पडतात. परत जाऊन ते उचलण्याची संधी एकदाच मिळते. वाटेत पुन्हा मेलं की आधीचे रून कायमचे गेले.

म्हणजे मरणाची किंमत वेळेत मोजली जाते. तासाभराची कमाई एका चुकीत जाऊ शकते. म्हणून एका चुकीनंतरही उभं राहता येणं, ही इथली पहिली गरज आहे.

आधी जीव, मग तलवार

नवा खेळाडू बहुतेकदा सगळे पॉइंट हल्ल्याची ताकद वाढवण्यावर खर्च करतो. जीव वाढवणारा गुण आहे 'व्हिगर', आणि तोच मागे राहतो.

व्हिगर २५ असेल तर पात्राचे हेल्थ पॉइंट असतात ८००. व्हिगर ४० झाला की १,४५०, ६० झाला की १,९००. पुढे ९९ पर्यंत नेला तरी आकडा २,१०० वरच थांबतो. २५ ते ४० या टप्प्यात प्रत्येक पॉइंटमागे सरासरी ४३ हेल्थ मिळतात, ४० ते ६० मध्ये साधारण २२ आणि ६० च्या पुढे जेमतेम पाच. म्हणूनच अनुभवी खेळाडू आधी ४० गाठायला सांगतात आणि ६० वर थांबायला.

चिलखत: टक्क्यांचा खेळ, वजनाचा सौदा

चिलखत येणाऱ्या माराचा काही टक्के भाग कापतं. पण वेगवेगळ्या वस्तूंचे टक्के थेट बेरजेत मिळत नाहीत.

समजा, चिलखताने मार ३० टक्क्यांनी कमी होतो. सोबत ड्रॅगनक्रेस्ट ग्रेटशील्ड हा टॅलिस्मन, म्हणजे ताईत घातला, तर तो शारीरिक मार आणखी २० टक्क्यांनी कमी करतो. एकूण बचत ५० टक्के होईल असं वाटतं, पण तसं होत नाही. १०० चा मार आधी ७० होतो, मग त्या ७० मधले २० टक्के कापले जातात. उरतात ५६. बचत झाली ४४ टक्के.

तरीही फरक किती पडतो ते पाहू. समजा, बॉसचा एक फटका ५०० चा आहे. हेल्थ ८०० आणि अंगावर चिलखत नसेल, तर दुसऱ्या फटक्याला खेळ संपतो. हेल्थ १,४५० असेल तर तिसऱ्याला. त्याच १,४५० वर ४४ टक्के बचत मिळाली, तर फटका २८० चा होतो आणि मरण सहाव्या फटक्यापर्यंत लांबतं. खेळाडूचं कौशल्य तेवढंच राहिलं, पण चुका करायची मुभा दोनाच्या ऐवजी पाचांची झाली.

मग सगळ्यात जड चिलखत घालून मोकळं व्हायला काय हरकत आहे? इथे वजन आडवं येतं. पात्राच्या वजनमर्यादेच्या ३० टक्क्यांहून कमी भार असेल तर हालचाल हलकी राहते. ७० टक्क्यांच्या खाली असेल तर मध्यम. ७० टक्के ओलांडले की वार चुकवण्यासाठी घेतलेली लोळण आखूड आणि संथ होते आणि उठायलाही वेळ लागतो. १०० टक्के ओलांडले तर लोळण घेताच येत नाही.

त्यामुळे बहुतेकांसाठी नियम सोपा आहे: ७० टक्क्यांच्या खाली राहून जेवढं जड घालता येईल तेवढं घालावं. 'एन्ड्युरन्स' वाढवला की मर्यादा वाढते, ग्रेट-जार्स आर्सेनलसारखा टॅलिस्मन घातला तरी वाढते. चिलखताचा आणखी एक फायदा 'पॉइज' या आकड्यात असतो. तो पुरेसा असेल तर किरकोळ फटक्याने पात्र डगमगत नाही आणि सुरू केलेला वार पूर्ण होतो.

ढाल: मार अडतो, पण दम लागतो

ढाल निवडताना दोन आकडे पाहायचे. पहिला म्हणजे ती किती टक्के शारीरिक मार अडवते. 'व्हॅगाबॉन्ड' हा क्लास निवडला तर सुरुवातीलाच मिळणारी हीटर शील्ड शारीरिक मार पूर्ण १०० टक्के अडवते. साध्या लाकडी ढाली तेवढं करत नाहीत. ढालीमागे उभं राहूनही हेल्थ घसरत असेल, तर कारण बहुधा हेच असतं. आग, वीज किंवा जादूचा मार मात्र चांगल्या ढालीतूनही काही प्रमाणात आत येतो.

दुसरा आकडा 'गार्ड बूस्ट'चा. अडवलेला प्रत्येक वार स्टॅमिना खातो. गार्ड बूस्ट जितका जास्त, तितका दम कमी खर्च होतो. स्टॅमिना शून्यावर आला की ढाल बाजूला फेकली जाते आणि पात्र काही क्षण उघडं पडतं. नवखे खेळाडू इथेच सापडतात. भीतीपोटी ते ढाल सतत वर धरून ठेवतात, आणि ढाल वर असताना स्टॅमिना हळू भरतो. वार येताना ढाल वर करायची आणि वार संपला की खाली घ्यायची, ही सवय लागली की निम्मं काम होतं.

ढालीचा आक्रमक उपयोगही आहे. वार अडवल्यावर लगेच जड हल्ल्याचं बटण दाबलं की 'गार्ड काउंटर' होतो. तो शत्रूचा तोल पटकन बिघडवतो आणि मग त्याच्यावर निर्णायक वार करता येतो. मार्गिट हा सुरुवातीचा बॉस मुद्दाम थांबून, उशिरा काठी हाणतो. घाईने लोळण घेणारे त्यात हमखास फसतात. ढालवाल्याला तेवढा अचूक अंदाज बांधावा लागत नाही.

सोबती: मारण्यापेक्षा लक्ष वेधण्यासाठी

चर्च ऑफ एले या पडक्या देवळात, टॉरेंट हा घोडा मिळाल्यानंतर, रात्री रेना नावाची स्त्री भेटते. ती स्पिरिट कॉलिंग बेल नावाची घंटा देते, सोबत तीन लांडग्यांचे आत्मे. ही भेट हुकली तरी घंटा पुढे राउंडटेबल होल्डमध्ये विकत मिळते. अनेक जण ती न घेताच कित्येक तास खेळत राहतात.

या आत्म्यांना 'स्पिरिट ॲशेस' म्हणतात. ते कुठेही बोलावता येत नाहीत. ठरावीक स्मारकशिळांच्या आसपास स्क्रीनच्या डाव्या बाजूला खूण दिसते, तेव्हाच घंटा वाजते. बहुतेकांना बोलावण्यासाठी जादूचे पॉइंट लागतात. 'मिमिक टिअर' मात्र ६६० हेल्थ घेतो आणि थेट खेळाडूची नक्कल उभी करतो, त्याच्याच शस्त्रांसह आणि चिलखतासह.

सोबत्याने किती मार दिला, यावरून त्याची किंमत करणं ही नेहमीची चूक आहे. त्याचा खरा उपयोग वेगळाच आहे. बॉसला एका वेळी एकाकडेच बघता येतं. तो लांडग्यांकडे वळला की खेळाडूला हेल्थ भरणारी कुपी प्यायला, दम घ्यायला आणि बॉसची चाल बघायला चार-पाच सेकंद मिळतात. ग्रेटशील्ड सोल्जर ॲशेस बोलावल्या की मोठ्या ढालींचे पाच सैनिक भिंतीसारखे उभे राहतात. ते फार मारत नाहीत, पण बॉसला अडवून धरतात.

सोबत्यांची ताकद वाढवावी लागते. राउंडटेबल होल्डमधली रॉडेरिका ग्लोव्हवर्ट नावाच्या फुलांच्या बदल्यात त्यांना +१० पर्यंत नेते. शेवटच्या टप्प्यात +० वरचे लांडगे घेऊन गेलं तर ते पहिल्याच फटक्यात विरतात.

आत्मे बोलावल्याने बॉसची हेल्थ वाढत नाही. ऑनलाइन दुसऱ्या खेळाडूला मदतीला घेतलं की ती वाढते आणि तेव्हा आत्मेही बोलावता येत नाहीत. दोन्हींपैकी एकच निवडावं लागतं.

सोबती बाळगायची कल्पना नवी नाही. 'डायब्लो २' या २००० सालच्या गेममध्ये भाडोत्री योद्धे मिळायचे. २००१ च्या विस्तारात त्यांना चिलखत घालता येऊ लागलं, ते पुढच्या अंकात सोबत येऊ लागले आणि मेले तर सोनं मोजून त्यांना जिवंत करता येऊ लागलं. तेव्हापासून सोबत्याची काळजी घेणं हाही या खेळांचा भाग झाला.

जिथे हे सगळं उलटतं

मेलेनिया ही एल्डन रिंगमधली सर्वात कुप्रसिद्ध बॉस. तिचा वार लागला की तिची स्वतःची हेल्थ भरते. ढालीवर अडवला तरी भरते, सोबत्याला लागला तरी भरते. इतर ठिकाणी तारणारी भिंत इथे तिचं औषध होते.

२०२२ मध्ये याच लढतीने एक अनोळखी खेळाडू जगभर गाजवला. 'लेट मी सोलो हर' या नावाने तो इतरांच्या मदतीला यायचा. डोक्यावर मडकं, अंगावर लंगोटी, हातात दोन कटाना आणि चिलखत शून्य. त्याने मेलेनियाला एक हजाराहून जास्त वेळा हरवलं. प्रकाशक बांदाई नामकोने त्याला भेट म्हणून खरी तलवार पाठवली. त्याचे व्हिडिओ पाहून चिलखत निरुपयोगी वाटू शकतं. पण त्याला तिचा प्रत्येक वार पाठ होता. पाठ होईपर्यंत जिवंत राहायचं, तर चिलखत लागतंच. शिवाय ज्यांनी त्याला बोलावलं, त्यांच्यासाठी तोही एक सोबतीच होता.

मग ही चीटिंग आहे का?

ढाल किंवा आत्मे वापरून बॉस हरवला की 'हा खरा विजय नाही' अशी कमेंट हमखास येते. गेमची रचना मात्र वेगळं सांगते. २०२४ च्या 'शॅडो ऑफ द एर्डट्री' या विस्तारात स्कॅड्यूट्री फ्रॅगमेंट गोळा केले की खेळाडूचा मारा आणि बचाव दोन्ही वाढतात. आत्म्यांसाठी रिव्हिअर्ड स्पिरिट ॲश हे वेगळे तुकडे ठेवले आहेत. ज्यांनी ते न शोधता थेट बॉस गाठले, त्यांना विस्तार अशक्य वाटला. बनवणाऱ्यांनी सोबती गृहीत धरूनच ही व्यवस्था उभी केली आहे.

सुरुवात करणाऱ्यांसाठी थोडक्यात

• तलवार सुधारताना व्हिगर विसरू नये. पहिलं लक्ष्य ४०.
• चिलखत बदललं की वजन तपासावं. ७० टक्के ही लक्ष्मणरेषा.
• शारीरिक मार १०० टक्के अडवणारी ढाल घ्यावी आणि ती सतत वर धरून ठेवू नये.
• घंटा आधी मिळवावी. आवडते एक-दोन आत्मे निवडून त्यांचीच ताकद वाढवावी.
• बॉस सोबत्याकडे वळला की धावून वार करण्याआधी कुपी प्यावी. शिर सलामत तर पगडी पचास.
• जवळ बरेच रून असतील तर बॉसच्या दारात जाण्याआधी ते खर्च करून टाकावेत.