डोळ्याभोवतीची सूज आणि तिचे कोड

डोळ्याभोवतीच्या सुजेला रुग्णालयात आज जो कोड लावला जातो, त्याची मुळे मृत्यूच्या नोंदींत आहेत. १८५३ मध्ये ब्रुसेल्सच्या आंतरराष्ट्रीय सांख्यिकी परिषदेने लंडनचे विल्यम फार आणि जिनिव्हाचे मार्क देस्पिन यांच्याकडे मृत्यूच्या कारणांची सर्व देशांना चालेल अशी यादी करण्याचे काम दिले. पुढे जाक बर्तियों यांनी १८९३ मध्ये शिकागोत मांडलेली यादी देशोदेशी रूढ झाली. सुजलेल्या डोळ्याने माणूस सहसा दगावत नाही. त्यामुळे अशा यादीत या सुजेला वेगळी जागा मिळण्याचे कारणच नव्हते.

१९४८ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने या यादीची सहावी आवृत्ती काढली आणि मृत्यूंबरोबर जिवंत माणसांचे आजारही मोजले जाऊ लागले. या साऱ्या इतिहासातला हाच खरा मोठा बदल. तरीही नवव्या आवृत्तीपर्यंत डोळ्याचे विकार मज्जासंस्थेच्याच प्रकरणात राहिले. त्या आवृत्तीच्या अमेरिकी रूपात डोळ्याच्या खोबणीतल्या सुजेचा कोड ३७६.३३ होता. डोळा उजवा की डावा, हे त्यातून कळत नसे. १९९० मध्ये मंजूर झालेल्या दहाव्या आवृत्तीत डोळ्याला अखेर स्वतंत्र प्रकरण मिळाले.

अमेरिकेने दहाव्या आवृत्तीचे आपले विस्तारित रूप १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू केले. पुण्या-मुंबईत बसून अमेरिकी रुग्णालयांच्या नोंदींना कोड लावणाऱ्यांनाही ते शिकावे लागले. आता खोबणीतील सूज उजवीकडे असेल तर एच०५.२२१, डावीकडे एच०५.२२२ आणि दोन्हीकडे एच०५.२२३. पापणीच्या सुजेची नोंद मात्र एच०२.८४ खाली होते आणि तिथे वरची पापणी की खालची, हेही सांगावे लागते.

हा काटेकोरपणा केवळ बिलापुरता नाही. खोबणीच्या कडेपासून पापणीत उतरणारा एक पातळ पडदा असतो. जंतुसंसर्ग त्याच्या पुढेच थांबला, तर बहुधा औषधांनी आटोक्यात येतो. तो मागे शिरला, तर दृष्टी जाऊ शकते आणि संसर्ग मेंदूपर्यंतही पोहोचू शकतो. बाहेरून मात्र दोन्ही रुग्णांची पापणी सारखीच लाल आणि सुजलेली दिसते. म्हणून डोळा बाहेर आला आहे का, तो हलवताना दुखते का, नजर मंदावली आहे का, हे पाहावे लागते आणि शंका आल्यास सीटी स्कॅन करतात. चँडलर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७० मध्ये या संसर्गाच्या पाच पायऱ्या मांडल्या, त्यांतली पहिली पडद्यापुढची. इतका महत्त्वाचा भेद असूनही पडद्यापुढच्या संसर्गाला अमेरिकी यादीत एल०३.२१३ हा स्वतःचा कोड मिळाला तो ऑक्टोबर २०१६ मध्ये. त्याची जागाही डोळ्याच्या प्रकरणात नाही, त्वचेच्या प्रकरणात आहे. खोबणीतल्या संसर्गाचा कोड एच०५.०१ खालीच राहिला.

अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली. तिच्यात आजाराच्या मूळ कोडला बाजू दाखवणारा वेगळा कोड जोडता येतो, त्यामुळे उजव्या-डाव्यासाठी स्वतंत्र कोडांची गरज उरत नाही.