आल्ट अन् एंटर

चपला बाहेर काढ, पायपुसण्याला पाय पुस आणि मग आत ये. तुझं आजचं वय, चष्मा, खिशातला फोन, हेही तिथंच चपलांजवळ राहू दे. साल २००४ आहे, एप्रिल सरत आलाय. दहावीची परीक्षा कधीच संपलीय, निकालाला अवकाश आहे आणि घरच्यांनी तुला बीडमध्येच एमएस-सीआयटीला घातलंय. हा कोर्स २००१ साली सुरू झाला आणि बघता बघता गेवराई, माजलगाव, केज अशा तालुक्याच्या गावांतून त्याच्या पाट्या लागल्या. 'सरकारी नोकरीला लागतो' एवढं कुणीतरी सांगितलं आणि वडिलांनी फी भरली.

खाली रस्त्यावर ऊन पोळतंय. कारखान्यांचे पट्टे पडलेत आणि नगर रोडनं ऊसतोडीच्या टोळ्या ट्रकमधून गावाकडं परतायला लागल्यात. वर या खोलीत मात्र जाड पडदे, गुरगुरणारा कूलर आणि प्रत्येक मॉनिटरवर काढून घडी घालून ठेवलेलं प्लॅस्टिकचं आवरण. तू तीन नंबरच्या मशीनवर आहेस. स्टुलावर शेजारी तुझा बॅचमेट, कारण एका मशीनवर दोघं.

"उघडलास का?" तो कुजबुजतो.

वर्ड उघडून त्यात अर्जाचा मसुदा अर्धा टाइप करून ठेवलाय, तो पाहुण्यांसाठी. खरी वस्तू डी ड्राइव्हमध्ये आहे, 'न्यू फोल्डर'च्या आतल्या 'न्यू फोल्डर'मध्ये. प्रिन्स नावाचा गेम. फाइलवर दोनदा क्लिक केलंस की काळी डॉसची चौकट उघडते आणि त्या चौकटीत, पोस्टकार्डाएवढ्या जागेत, राजवाडा दिसायला लागतो. सगळ्यात आधी कंट्रोल आणि एस दाब. आवाज बंद झालाच पाहिजे, कारण तो हेडफोनमधून नाही, सीपीयूच्या पोटातल्या भोंग्यातून येतो आणि कूलरलाही ऐकू जातो.

आता बघ, पांढऱ्या कपड्यातला तो पोरगा दारातून आत पडतो, पण त्याचं धावणं अडखळतंय. विंडोज ९८ त्याचं एकेक चित्र घेऊन आपल्या डेस्कटॉपवर चिकटवतंय. खाली टास्कबार आहे, उजव्या कोपऱ्यात घड्याळ आहे, मागून वर्डची पट्टी डोकावते. तळघरात रिसायकल बिन असावा असा एकूण प्रकार. चौकटीच्या माथ्यावर छोट्या बटणांची ओळ आहे, त्यातल्या एकावर चार दिशांना जाणारे बाण. ते दाबलं तरी चालतं. पण बोटांनीच करायचं असेल तर आल्ट दाबून धर आणि एंटर मार.

खट्!

पडदा काळा होतो. क्षणभर सगळं गेलंय असंच वाटतं. मग काचेत आतून काहीतरी थरथरतं, चित्र एका बाजूला सरकून येतं, डावीकडं काळी पट्टी सोडून बसतं. बॅचमेट सरावानं मॉनिटरखालचं बटण दाबून ते मधे ओढून घेतो. आता टास्कबार नाही, घड्याळ नाही, अर्ज नाही. मशाल हलते आहे. ठिपके बोटाच्या नखाएवढे दिसतात असं कुणी म्हणेल, म्हणू दे. पोरगा आता सपकन धावतो.

त्या 'खट्'मध्ये काय झालं ते तुला तेव्हा कुणी सांगणार नाही, म्हणून आत्ता सांगतो. चित्र ताणून मोठं केलं, एवढ्यावर ते भागलेलं नाही. डेस्कटॉप ८०० बाय ६००चा होता आणि मॉनिटर सेकंदाला साधारण ३८ हजार आडव्या रेषा काचेवर ओढत होता. गेमला हवेत ३२० बाय २००, म्हणजे सगळे मिळून ६४ हजार ठिपके, २५६ रंगांत. त्यासाठी व्हीजीए कार्डानं आपली चालच बदलली: सेकंदाला साडेएकतीस हजार रेषा, आणि पूर्ण चित्र ६० ऐवजी ७० वेळा. मॉनिटरला हा बदल ओळखून आपली यंत्रणा नव्या चालीवर आणावी लागते. आतला रिले पडतो तोच तो आवाज. विंडोजनं पडदा सोडलाय, गेमनं घेतलाय. लहान चौकटीत गेम विंडोजच्या घरी भाडेकरू होता. आता सातबाराच त्याच्या नावावर.

आणि म्हणूनच धोका. चौकटीत खेळत असताना सर उठले तर एका क्लिकमध्ये वर्ड पुढं येतं. आता मात्र परतायचं तर पुन्हा तोच काळा क्षण, पुन्हा तोच खट्. जुने सर पडद्याकडं बघतही नाहीत. ते हजेरीच्या वहीत मान घालून नुसतं ऐकतात.

"तीन नंबर," वहीतून मान वर न काढता आवाज येतो, "अर्ज झाला असंल तर प्रिंट काढायची का?"

ही शिक्षा फार मोठी नाही. पण चौकट की पूर्ण पडदा, हा प्रश्न त्या खोलीत रंगरूपाचा नव्हता, हिमतीचा होता, हे ध्यानात ठेव. जॉर्डन मेकनरनं हा गेम आधी ॲपल टूवर १९८९मध्ये आणला, डॉसवर तो १९९०ला आला. त्या काळातल्या डॉसच्या मशीनवर चौकटीचा प्रश्नच नव्हता, गेम चालू केला की अख्खा पडदा त्याचाच. राजकन्येला सोडवायला साठ मिनिटं मिळतात. तुझी बॅचही तासाचीच आहे.

पुढं सरक. २००७, मे महिना, नेट कॅफे. प्लायवूडच्या कप्प्यांतून एक्सपीची मशीनं, आणि प्रत्येक पडद्याच्या कोपऱ्यात उरलेली मिनिटं दाखवणारी छोटी चौकट. तुझ्याकडं एका तासाचे पैसे आहेत. व्हाइस सिटी २००३ पासून पीसीवर आहे आणि इथं सगळे तेच खेळायलेत. यात चौकटीत खेळायची सोयच ठेवलेली नाही. चालू केलंस की पूर्ण पडदा, आणि कॅफेवाल्या भैय्याची ती मिनिटांची चौकट त्याच्याखाली गाडली जाते. गेमच्या कोपऱ्यात वेगळंच घड्याळ आहे, त्यातला एक तास तुझ्या एका मिनिटात सरतो. म्हणजे तासाभराच्या भाड्यात तुला तिथले अडीच दिवस मिळतात. माझ्या मते इतका परवडणारा व्यवहार बीडमध्ये त्या काळी दुसरा नव्हता.

आल्ट-टॅब करून भैय्याचं घड्याळ बघून यावं म्हणतोस? नको. बाहेर पडता येतं, पण परत गेल्यावर चित्र येईलच याची खात्री नाही. बऱ्याचदा नुसता काळा पडदा, मागं गाण्याचा आवाज. मग रीस्टार्ट, आणि त्यात तुझी पाच मिनिटं गेली. त्यामुळं पोरं उठून काउंटरवर जाऊन विचारतात, "भैय्या, किती राहिलं?" एवढं मोठं यंत्र समोर असून वेळ विचारायला चालत जायचं.

तेवढ्यात पंखा थांबतो. लाइट गेली. भारनियमनाचं वेळापत्रक पेपरात छापून येतं, पण लाइट ते वाचत नाही. परळीचं औष्णिक वीज केंद्र याच जिल्ह्यात धूर सोडत उभं आहे आणि इथं यूपीएस कुंईकुंई करायला लागलाय. आता खरा गेम सुरू होतो. व्हाइस सिटीत मनात येईल तिथं सेव्ह करता येत नाही. सुरुवातीला ओशन व्ह्यू हॉटेल गाठावंच लागतं. तू पुलापलीकडं. यूपीएस किती टिकेल ते त्याच्या बॅटरीच्या म्हातारपणावर. मागं पोलीस, पुढं समुद्राकाठचा रस्ता, कप्प्याकप्प्यांतून आरोळ्या.

"पळ की! पळ!"

हॉटेलच्या दारात गाडी आडवी सोडून तू आत घुसतोस. सेव्हच्या आठ जागा, आठही भरलेल्या, कुणाकुणाच्या. सहाव्यावर कुणाचा तरी अर्धा गेम पुसून तू आपला ठेवतोस. मेहनतीचा न्याय बघायला इथं कुणाला वेळ नाही.

आणखी पुढं. २०१०. घरात लॅपटॉप आलाय, विंडोज ७. पेनड्राइव्हमधून प्रिन्स काढून दोनदा क्लिक करतोस. पडद्यावर इंग्रजीत एक पाटी येते: ही सिस्टिम फुलस्क्रीन चालवू शकत नाही, बंद करायचं की दुर्लक्ष करायचं ते सांगा. व्हिस्टापासूनच्या नव्या डिस्प्ले ड्रायव्हरांनी डॉसच्या कार्यक्रमांना पडदा सोडून द्यायचं बंद केलं, त्याची ही नोटीस. यावर तोडगा डॉसबॉक्स. तो विंडोजच्या आत एक अख्खा जुना पीसी उभा करतो, आणि त्यात आल्ट-एंटर पुन्हा चालतं.

पण थांब, पोरगा बुटका का दिसतोय? पडदा रुंद, आणि जुने ठिपके चौकोनी नव्हतेच. ३२० बाय २००चं चित्र ४:३ आकाराच्या काचेवर पसरायचं, तेव्हा प्रत्येक ठिपका रुंदीपेक्षा थोडा उंच व्हायचा. डॉसबॉक्सच्या सेटिंगच्या फाइलमध्ये 'आस्पेक्ट'पुढं 'ट्रू' लिही, 'फुलस्क्रीन'पुढंही. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या येतील. येऊ देत. त्या झाकायला म्हणून चित्र ताणणाऱ्यांशी माझं पटत नाही. तळघरातला सांगाडासुद्धा त्यांनी खातापिता करून ठेवलाय.

आता आजच्या दिवसात ये. बीडला रेल्वे आली, १७ सप्टेंबर २०२५ला पहिली गाडी सुटली. तुझ्या टेबलावर पातळ पडदा आहे आणि काउंटर-स्ट्राइक २ चालू आहे. सेटिंगमध्ये तीन पर्याय: फुलस्क्रीन, विंडोड आणि फुलस्क्रीन विंडोड. तू तिसरा निवडलायस. ही चौकटच आहे, फक्त तिची किनार काढून टाकून पडद्याच्या मापानं शिवलेली. पडद्याची चाल बदलत नाही, काळा क्षण येत नाही. आल्ट-टॅब पापणी लवायच्या आत होतं. एकेकाळी यात गेम थोडा मागं पडायचा, कारण प्रत्येक चित्र विंडोजच्या हातून जायचं. विंडोज १०नं त्यातही आडवाटा काढल्या. तक्रारीला जागा फारशी उरलेली नाही. स्पर्धेत उतरणारे अजून पहिलाच पर्याय ठेवतात, मिलिसेकंद वाचवायला.

तू मरतोस. दारामागं कुणीतरी बसला होता. फेरी संपेपर्यंत सोबत्यांचं बघत बसायचं, त्यापेक्षा आल्ट-टॅब. व्हॉट्सॲपच्या गल्लीच्या ग्रुपवर बेचाळीस मेसेज. सगळ्यात खालचा आत्ताचाच: पाणी सुटलंय, मोटारी लावा.

पुढच्या फेरीत तुझ्या संघात चारच जण धावतायत, पाचवा सुरुवातीच्या जागीच भिंतीकडं तोंड करून उभा आहे, आणि हेडफोनमधून कुणीतरी त्याला शिव्या घालतोय. खाली मोटार भरून घ्यायला लागते, हवा धरली की पाणी चढत नाही.