घर आपले, कागद बँकेचे

रौप्यमहोत्सवी स्मरणिकेत पाण्याची टाकी, लिफ्ट, गणपती आणि कन्व्हेयन्स यांचा इतिहास लिहिणारे पुष्कळ आहेत. मी नोकरीची सगळी वर्षे बँकेत काढली, त्यातली बरीचशी कर्ज खात्यात. तेव्हा मी लिहिणार तो कर्जाचाच इतिहास. आपल्या इमारतीत सिमेंट किती लागले याचा हिशेब बिल्डरकडे असेल, पण व्याज किती लागले याचा हिशेब कुणाकडेच नाही. विचारा कुणालाही, 'फ्लॅट कितीला घेतला?' तर झटकन आकडा सांगतील. 'कितीला पडला?' विचारले की गप्प.

शीव म्हणजे वेस, हद्द. मुंबई बेट इथे संपत असे. १८९६ च्या प्लेगनंतर १८९८ मध्ये सिटी इंप्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला आणि त्याने दादर, माटुंगा करत शीवपर्यंत जमिनी सपाट करून, रस्ते आखून प्लॉट पाडले. पुढे १९३३ मध्ये ट्रस्ट महापालिकेत विलीन झाला. त्या काळात मध्यमवर्गीय माणूस घर 'विकत' घेत नसे. तो बिऱ्हाड करी. आपल्यापैकी बहुतेकांचे आईवडील गिरगाव, परळ, लालबागच्या चाळींतून भाड्याने राहिले आणि त्यात त्यांना काही कमीपणाही वाटला नाही. घरासाठी कर्ज काढणे म्हणजे वडिलोपार्जित काहीतरी गहाण टाकणे, असाच अर्थ होता.

गहाण हा शब्द आपल्याकडे भीतीचा आहे, आणि त्याला कारणे आहेत. १८७५ मध्ये सुप्यापासून पुणे-नगर भागात शेतकऱ्यांनी सावकारांचे दस्तऐवज हिसकावून जाळले ते उगीच नव्हे. त्यानंतर १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा आला. त्याच्याही कितीतरी आधीपासून हिंदू धर्मशास्त्रात दामदुप्पट नावाचा नियम होता आणि मुंबई इलाख्याच्या न्यायालयांनी तो मान्य केला होता. थकलेले व्याज एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त वसूल करता येत नाही, असा तो नियम. आमच्या लहानपणी म्हातारी माणसे 'दामदुप्पट झाली' म्हणत ती इथूनच. पण त्यातली मेख बघा. मर्यादा आहे ती थकलेल्या व्याजाला. व्याज दरमहा भरत गेलात तर एकूण किती भरायचे याला काहीच मर्यादा नाही. आजचा घरकर्जाचा हप्ता नेमका असाच चालतो. महिन्याचे व्याज महिन्याला भरले जाते, थकत काहीच नाही, म्हणून दुपटीच्या वर गेलेले दिसतही नाही.

मुंबईला आणखी एक सवलत होती. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने कलकत्ता, मद्रास, मुंबई अशा मोजक्या शहरांत मालकीचे मूळ कागद सावकाराच्या हवाली केले की गहाण पूर्ण होई, गहाणखत नोंदवायची गरज नाही. व्यापाऱ्यांच्या सोयीसाठी केलेली ही तरतूद शंभर वर्षांनी फ्लॅटवाल्यांच्या उपयोगी आली. आम्ही बँकेत त्याला 'ई.एम.' म्हणायचो, इक्विटेबल मॉर्गेज. कर्जदार येई, पिशवीतून अग्रीमेंट आणि शेअर सर्टिफिकेट काढून टेबलावर ठेवी, आम्ही रजिस्टरात लिहीत असू. दहा मिनिटांत घर तारण! त्या दहा मिनिटांत बायका कागदांकडे ज्या नजरेने बघत, ती मला अजून आठवते. पुरुष सह्या करण्यात गुंतलेले असत.

मधल्या काळात एक वेगळा रस्ता निघाला होता आणि तो दाखवला मुंबईतल्याच एका वकिलाने. रावबहादूर श्रीपाद सुब्राव तालमकी यांनी १९०६ मध्ये शामराव विठ्ठल पतसंस्था काढली आणि १९१५ मध्ये गावदेवीला सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था उभी केली. देशातल्या अगदी सुरुवातीच्या गृहनिर्माण संस्थांपैकी ही एक. कल्पना अशी की जमीन आणि इमारत संस्थेची. सभासद भाग घेणार, खोलीचे भाडे संस्थेला देणार आणि कर्ज असेल तर ते संस्था फेडणार. एकेका कुटुंबाच्या डोक्यावर वेगळे गहाण नाही. आज आपण सोसायटी म्हणतो तिचे मूळ तिथे आहे, फक्त कर्ज तेवढे संस्थेच्या डोक्यावरून उतरून घरोघर गेले.

ते का गेले? १९४७ च्या भाडेनियंत्रण कायद्याने भाडी सप्टेंबर १९४० च्या पातळीशी बांधली. भाडेकरूला संरक्षण मिळाले हे खरेच, माझे वडील त्याच आधाराने गिरगावात टिकले. पण भाड्यासाठी नवी चाळ बांधण्यात कुणाला रस उरला नाही. जुन्या खोल्या पागडीवर फिरू लागल्या आणि नव्या इमारती 'ओनरशिप'च्या झाल्या. १९६३ मध्ये मोफा कायदा आला, बिल्डरला करार नोंदवणे आणि संस्था स्थापन करणे बंधनकारक झाले. घर घ्यायचे तर आता पूर्ण रक्कम हवी. ती आणायची कुठून? प्रॉव्हिडंट फंडातून, कचेरीच्या पतपेढीतून, विम्याच्या पॉलिसीवर आणि शेवटी पाटल्या मोडून. १९६९ ला बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले तरी घराला कर्ज देणे हे बँकेचे काम, असे आमचे वरिष्ठ मानत नसत. कारखान्याला द्या, शेतीला द्या. घर म्हणजे खर्च!

१९७७ मध्ये हसमुखभाई पारेख यांनी, आयसीआयसीआयमधून निवृत्त झाल्यावर, वयाच्या ६६ व्या वर्षी एचडीएफसी काढली. पगारदार माणसाला त्याच्या पुढच्या वीस वर्षांच्या पगारावर विश्वास ठेवून कर्ज द्यायचे, ही गोष्ट त्या वेळी धाडसाची होती. १९८८ मध्ये नॅशनल हाउसिंग बँक आली. १९९४ पासून दोन लाखांवरच्या कर्जांचे व्याजदर ठरवायला बँका मोकळ्या झाल्या. म्हणजे आपली संस्था २००० साली नोंदली गेली तेव्हा हा धंदा नुकता अंगात आला होता. तेव्हाचे आपले दर आठवतात? तेरा-चौदा टक्के.

आता जरा हिशेब करू. कंटाळा करू नका, तरुण मंडळींनी तर मुळीच नको.

पाच लाखांचे कर्ज, १४ टक्के, १५ वर्षे. दरमहा हप्ता ६,६५९ रुपये. १८० हप्त्यांचे झाले जवळजवळ १२ लाख, म्हणजे व्याजच सुमारे ७ लाख. हे पुष्कळांना माहीत असते. माहीत नसते ते पुढचे. पहिल्या हप्त्यातले ५,८३३ रुपये व्याजाचे आणि मुद्दलाचे फक्त ८२५. पाच वर्षे इमानेइतबारे हप्ते भरले, चार लाख रुपये दिले, तरी मुद्दल कमी झाले ७१ हजारांनी. निम्मे कर्ज फिटायला अकरा वर्षे लागतात. यात फसवणूक काही नाही, बेरीज-वजाबाकीच आहे. ती कुणी करून दाखवत नाही, इतकेच.

शिवाय त्या काळी अनेक ठिकाणी 'वार्षिक रेस्ट' होते. तुम्ही हप्ता दरमहा भरणार, पण मुद्दल कमी धरणार वर्षाअखेरीस. आपल्याच उदाहरणात हप्ता ६,७८४ होतो. सव्वाशे रुपयांचा फरक, कोण विचारतो! पण १८० महिन्यांत ते साडेबावीस हजार होतात आणि १४ टक्क्यांचा खरा दर सुमारे १४.४ पडतो. पुढे मासिक पद्धत रूढ झाली हे चांगले झाले.

न्यायाने हेही सांगितले पाहिजे की पैशाची किंमत उतरत जाते. २००० साली जो हप्ता अर्धा पगार खाई, तो शेवटच्या वर्षांत सोसायटीच्या मेंटेनन्सइतका वाटू लागला. व्याजावर प्राप्तिकरात सूटही मिळाली, दीड लाखांपर्यंत आणि २०१४ पासून दोन लाखांपर्यंत. (नव्या करपद्धतीत राहत्या घरासाठी ती मिळत नाही.) घरांच्या किमती वाढल्या त्या तर सर्वांना ठाऊक आहेतच. पण राहत्या घराची वाढलेली किंमत खायला मिळत नाही. ते विकून शीवमध्येच दुसरे घ्यायला गेलात तर तेही तितकेच वाढलेले. आणि आम्हा बँकवाल्यांना कर्ज सवलतीच्या, सरळ व्याजाने मिळाले. तेव्हा 'त्यात काय एवढे' असे म्हणण्याचा अधिकार मला नाही.

खरा घोळ झाला तो फिरत्या व्याजदराचा. २००३-०४ च्या सुमारास दर साडेसात-आठ टक्क्यांवर आले होते आणि एजंट दारात येऊन फॉर्म भरून घेत होते. आपल्याच इमारतीत एका गृहस्थांनी २००४ मध्ये रीसेलचा फ्लॅट घेतला. नाव सांगत नाही, हकीकत मात्र त्यांना विचारून लिहितो आहे. ६ लाख कर्ज, साडेसात टक्के, २० वर्षे. हप्ता ४,८३४. वय चाळीस, म्हणजे साठाव्या वर्षी मोकळे. चार वर्षांत व्याजदर चढत दहा टक्के झाला. हप्ता होता तेवढाच राहिला, त्यामुळे घरात कुणाला काही कळले नाही. एक इंग्रजी पत्र आले होते, ते विजेच्या बिलांच्या फाइलीत गेले. एकदा जिन्यात ते मला सहज म्हणाले, 'काका, हे रिव्हाइज्ड टेन्युअर म्हणजे काय हो?' मी पत्र मागवून घेतले. १६ वर्षे शिल्लक होती ती जवळजवळ २७ झाली होती. माणूस ७१ व्या वर्षापर्यंत हप्ते भरणार होता!

आम्ही कागद घेऊन बसलो. मुदत पूर्वीइतकीच ठेवायची तर हप्ता ५,६४४ करायला हवा होता, म्हणजे महिना ८१० रुपये जास्त. तेवढे दिले की ११ वर्षे वाचतात आणि एकूण भरणा साडेपंधरा लाखांच्या ऐवजी पावणेअकरा लाखांवर येतो. त्यांच्या पत्नी इतका वेळ दारात उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, 'आठशे दहा ना? मी दोन शिकवण्या वाढवते.' दुसऱ्या दिवशी दोघे बँकेत गेले, तर काउंटरवर सांगितले, हप्ता वाढवायची पद्धत नाही. तीन खेपा, एक लेखी अर्ज, मग झाले. २०२४ ला त्यांचे कर्ज ठरल्या वेळी फिटले. मध्ये मुलीचे लग्न झाले, तिच्यासाठी वेगळे कर्ज काढावे लागले नाही.

ही गोष्ट जुनी झाली असे समजू नका. बँका दर ठरवण्याची पद्धत बदलत आल्या. २००३ ला बीपीएलआर, २०१० ला बेस रेट, २०१६ ला एमसीएलआर आणि ऑक्टोबर २०१९ पासून बाहेरचा मापदंड, म्हणजे बहुधा रेपो. प्रत्येक वेळी नवीन गिऱ्हाइकाला नवा दर आणि जुना मात्र जुन्याच पद्धतीत, तो स्वतः अर्ज करीपर्यंत. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रेपो ४ वरून साडेसहा टक्क्यांवर गेला. ८० लाखांचे २० वर्षांचे कर्ज ७ टक्क्यांनी घेतले तर हप्ता ६२,०२४. दर साडेनऊ झाला तर ८० लाखांवरचे महिन्याचे नुसते व्याज ६३,३३३. म्हणजे पूर्ण हप्ता भरूनही कर्ज वाढतच जाणार. शेवटी ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितले की दर बदलताना कर्जदाराला हप्ता वाढवायचा की मुदत, हे विचारा आणि स्थिर दराचा पर्यायही द्या. २०२५ मध्ये रेपो पुन्हा उतरला. अशा वेळी हप्ता कमी करून घेण्याचा मोह होतो. माझे मत विचाराल तर हप्ता तोच ठेवा, मुदत कमी होऊ द्या.

मुदतीचे म्हणून आणखी एक. आता मुलांना ३० वर्षांचे कर्ज सहज मिळते. ८० लाख, साडेआठ टक्के. २० वर्षांना हप्ता ६९,४२६ आणि व्याज ८६ लाख ६२ हजार. ३० वर्षांना हप्ता ६१,५१३, फक्त आठ हजारांनी कमी, पण व्याज १ कोटी ४१ लाखांच्या वर. त्या आठ हजारांच्या सवलतीची किंमत ५५ लाख! वर स्टॅम्प ड्यूटी, रजिस्ट्रेशन, इंटिरियर, पार्किंग, मेंटेनन्स वेगळे. फिरत्या दराचे कर्ज मुदतीआधी फेडले तर बँकेला दंड घेता येत नाही, हे २०१२ पासून आहे, तरी बोनस आला की गाडीचा विचार आधी होतो. असो, ज्याची त्याची हौस.

शेवटी एक कामाची गोष्ट, खजिनदार म्हणून सहा वर्षे बघितलेली. आपल्या संस्थेच्या रजिस्टरात बँकांच्या लियनच्या काही नोंदी अजून तशाच आहेत, कर्जे केव्हाच फिटलेली असली तरी. सभासदांनी बँकेचे नो ड्यूज पत्र घेतले आणि कपाटात ठेवले, कचेरीत कुणी आणून दिले नाही. काहींचे मूळ अग्रीमेंटही बँकेतच पडून आहे. १ डिसेंबर २०२३ पासून नियम आहे की कर्ज फिटल्यावर ३० दिवसांत बँकेने मूळ कागद परत करावेत. त्यांच्याकडून उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. ज्यांचे राहिले असेल त्यांनी नो ड्यूज पत्राची झेरॉक्स रविवारी सकाळी दहा ते बारा या वेळात सोसायटीच्या कचेरीत आणावी. मूळ प्रतही सोबत ठेवावी. नोंद लगेच कमी करून मिळेल, आणि बँकेला लिहायचा अर्ज हवा असेल तर त्याचा मसुदा माझ्याकडे तयार आहे.