मार मामांचा, अपील सरकारचं

परवा आजोळी सगळे जमलो होतो. जेवणं झाली, अंगणात सतरंज्या पडल्या, आणि नेहमीप्रमाणे कोणीतरी मामांच्या केसचा विषय काढलाच. मामा जाऊनही आता बरीच वर्षं झाली, पण ती केस काही घरातून गेली नाही.

आमच्याकडच्यांना ती पाठ आहे. बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगतो. गाव चाकणच्या पुढे. नव्वदच्या दशकात तिकडे एमआयडीसीचं वारं सुरू झालं आणि ज्या जमिनीत कांदा-बटाट्याशिवाय काही दिसत नव्हतं, तिच्या एकेका फुटाला भाव आला. शेजाऱ्यानं बांध कोरला, मामांनी विचारलं, आणि काठीनं त्यांचा हात मोडला. पोलीस केस झाली. काही वर्षांनी निकाल लागला तोवर दोन साक्षीदार फितूर झाले होते. संशयाचा फायदा देऊन आरोपींना सोडलं. समोर आलेल्या पुराव्यावर कोर्टाला दुसरं काय करता आलं असतं, हे मलाही माहीत नाही.

मामांचा राग निकालावर नव्हता. तो नंतरच्या गोष्टीवर होता. ते म्हणाले, "अपील करू." वकिलांनी सांगितलं, "तुम्हाला नाही करता येणार. सरकारनं केलं तर होईल." सरकारनं केलं नाही. मुदत निघून गेली. मामा शेवटपर्यंत मोडलेला हात पुढे करून विचारायचे, "मार खाल्ला मी, आणि अपील सरकारचं कसं?"

या वेळी मी ठरवून थोडं वाचलं. मामांचा प्रश्न शंभराहून जास्त वर्षं जुना निघाला!

१८६१ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत निर्दोष सुटकेवर अपीलच नव्हतं. १८७२ च्या संहितेनं ते दिलं, पण फक्त सरकारला. विचार असा, की गुन्हा हा राज्याविरुद्ध असतो. ज्याचं डोकं फुटलं तो नुसता साक्षीदार. १९५५ च्या दुरुस्तीनं खासगी फिर्याद करणाऱ्याला हायकोर्टाची खास परवानगी घेऊन अपील करायची सोय झाली. म्हणजे पोलिसांकडे न जाता जो थेट मॅजिस्ट्रेटकडे गेला, त्याला दार किलकिलं झालं. मामांसारखा सरळमार्गानं पोलिसात गेलेला माणूस बाहेरच. १९७३ च्या संहितेतही हेच राहिलं. त्याला फार तर रिव्हिजन अर्ज करता यायचा, आणि त्यात सुटका बदलून शिक्षा देता येत नाही असं कायद्यातच लिहिलेलं. फार तर फेरसुनावणी.

बरं, सरकारनं अपील केलं म्हणजे सगळं झालं असंही नाही. १९७२ मध्ये आपल्याच राज्यात, तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातल्या देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात एका आदिवासी मुलीवर अत्याचार झाला. (नाव मुद्दामच लिहीत नाही.) सेशन्स कोर्टानं १९७४ मध्ये दोघा पोलिसांना सोडलं. सरकार अपिलात गेलं आणि नागपूर खंडपीठानं १९७६ मध्ये दोघांना शिक्षा दिली. १९७८ मध्ये सुप्रीम कोर्टानं त्यांना पुन्हा सोडलं. १९७९ मध्ये चार कायदेपंडितांनी सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं. त्यात आपल्या पुण्याच्या वसुधा धगमवारही होत्या. त्यातून उठलेल्या चळवळीमुळे १९८३ मध्ये बलात्काराचा कायदा बदलला. पण अपिलाचा हक्क होता तिथेच राहिला.

तो बदलायला ३१ डिसेंबर २००९ उजाडला. त्या दिवसापासून पीडिताला स्वतःचं अपील मिळालं. आरोपी सुटला, कमी गंभीर गुन्ह्यात दोषी ठरला किंवा भरपाई अपुरी दिली, तर. शिक्षा कमी वाटली म्हणून मात्र नाही.

यातली पुढची गोष्ट मामांना फार आवडली असती. कर्नाटकात २००९ च्या फेब्रुवारीत एका माणसावर हल्ला झाला. २०१३ मध्ये आरोपी सुटले. तो अपिलात गेला तर हायकोर्ट म्हणालं, हल्ला नव्या तरतुदीच्या आधीचा, त्यामुळे हा हक्क तुम्हाला नाही. मग तो जुन्या कलमाखाली परवानगी मागायला गेला, तर तुमची केस खासगी फिर्यादीची नाही म्हणून तेही दार बंद. शेवटी १२ ऑक्टोबर २०१८ ला सुप्रीम कोर्टानं सांगितलं, की हल्ल्याची नव्हे, सुटकेच्या निकालाची तारीख बघायची, आणि पीडिताला परवानगी मागायची गरजच नाही. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेतही हा हक्क कायम आहे, कलम ४१३ मध्ये.

एक दुसरी बाजूही आहे, ती सांगायलाच हवी. सुटलेल्या माणसानं किती वेळा कोर्टाची पायरी चढायची? अमेरिकेत तर निर्दोष सुटलेल्यावर सरकारला अपील करताच येत नाही. आपल्याकडेही १९३४ मध्ये प्रिव्ही कौन्सिलनं बजावलं होतं, की अपिलात पुरावा पुन्हा तपासा, पण साक्षीदार प्रत्यक्ष पाहिलेल्या न्यायाधीशाच्या मताला वजन द्या, आणि सुटकेनं आरोपीच्या निर्दोषपणाचं गृहीतक कमजोर होत नाही हे विसरू नका. हे मला पटतं. खोट्या केसमध्ये अडकलेली माणसंही आपण पाहिली आहेतच.

मामा अपील हरलेही असते कदाचित. फितूर साक्षीदार काही अपिलात सरळ होत नाहीत. पण "तुम्ही कोण?" असं त्यांना कोणी म्हणालं नसतं. आज तशी केस झाली, तर निकालाची नक्कल घेऊन ते स्वतः सेशन्स कोर्टात जाऊ शकले असते.

रात्री हे सगळं मामींना सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "म्हणजे त्यांचं बरोबर होतं तर."

होतं, मामी.